उन्हाळ्यात दुपारी नेट जातं आणि रात्री आपोआप येतं: फायबर, कूलर आणि लाल दिवा

होळी झाली की नागपुरात कूलर खाली उतरतात. ताट्या बदलल्या जातात, पंप चालतो का ते पाहिलं जातं आणि एप्रिल उजाडेपर्यंत लेआउटमधल्या प्रत्येक खिडकीला पत्र्याचं एक पोट सुटलेलं असतं. त्यानंतर दोन-तीन आठवड्यांत माझा फोन एकाच चालीत वाजायला लागतो. "भाऊ, दुपारी नेट चाललं जाते. रात्री येते आपोआप. तुमचा माणूस आला की चालूच असते."

मी मानेवाडा, बेसा, हुडकेश्वर या पट्ट्यात फायबरच्या लाइनी टाकतो आणि बिघडल्या की बघतो. या तक्रारीवर मी स्वतः दोन उन्हाळे चुकीचं उत्तर दिलं आहे, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

आधी एक विनंती. नेट गेलं म्हणून मॉडेमच्या मागच्या बारीक भोकात टाचणी घालू नका. त्या बटणाने डबा रीस्टार्ट होत नाही, त्यातली सगळी सेटिंग पुसली जाते. मग लाइन परत आली तरी तुमचं नेट येत नाही, आणि एका दोषाचे दोन होतात. रीस्टार्ट करायचा असेल तर अॅडॅप्टरचं बटण बंद करून मिनिटभराने चालू करा. तेही एकदाच.

आता दिवे. ज्याला आपण मॉडेम म्हणतो त्या डब्याचं खरं नाव ओएनटी. त्यावर 'पॉन' आणि 'लॉस' अशी नावं असलेले दोन दिवे असतात. पॉन हिरवा आणि स्थिर असेल तर डब्याला पलीकडून प्रकाश नीट मिळतो आहे आणि त्याची कंपनीच्या यंत्राशी ओळखही पटली आहे. अशा वेळी नेट चालत नसेल तर दोष वायफायमध्ये, राउटरमध्ये, रिचार्जमध्ये किंवा कंपनीच्या पुढच्या जाळ्यात आहे. पुढचं सगळं तुमच्यासाठी नाही. पॉन लुकलुकत असेल तर प्रकाश येतो आहे, पण ओळख पटत नाही. लॉस लाल होऊन लुकलुकत असेल तर प्रकाशच पोचत नाही, किंवा इतका मंद पोचतो की डब्याला तो वाचता येत नाही. आणि सगळेच दिवे एकदम विझून पुन्हा पेटत असतील तर विजेकडे बघा: अॅडॅप्टर, त्याची ढिली पिन, सैल बोर्ड.

दुपारच्या कमी व्होल्टेजवर लोकांचा पहिला संशय जातो, कारण कूलरही त्याच वेळी घरघरत असतो. पण बहुतेक अॅडॅप्टरवर १०० ते २४० व्होल्ट असं छापलेलं असतं. पंखा मंद होईल एवढ्या व्होल्टेजने तो मरत नाही.

लाल दिवा दिसला की शेजाऱ्याला विचारा. त्याच कंपनीची लाइन असलेल्या दोन-तीन घरांचं नेट एकाच मिनिटाला गेलं असेल तर दोष खांबावरच्या पेटीत किंवा त्याच्याही मागे आहे. तुमच्या घरात कोणी काही उघडू नये. फक्त तुमचंच गेलं असेल तर दोष खांबावरची पेटी आणि तुमचा मॉडेम यांच्यामधल्या तीस-चाळीस मीटरमध्ये कुठेतरी आहे.

मानेवाडा रोडच्या आतल्या एका जुन्या लेआउटमधलं घर. काका निवृत्त, मुलगी पुण्याच्या कंपनीचं काम घरून करणारी. दुपारी साडेबारा-एकला लाल दिवा, सहा-सातला हिरवा. पहिल्या तक्रारीला आमचा पोरगा गेला आणि अॅडॅप्टर बदलून आला. दुसऱ्या तक्रारीला मी गेलो, सकाळी दहाला. प्रकाश मोजायचा मीटर लावला, वजा २१ (हा आकडा कसा वाचायचा ते पुढे सांगतो). उत्तम. तरी रिकाम्या हाताने परत जायला नको म्हणून टोकाचा कनेक्टर कापून नवा बसवला, पुन्हा वजा २१, काकूंचा चहा घेतला आणि निघालो. त्याच दुपारी एक वाजून दहा मिनिटांनी काकांचा फोन.

माझं तेव्हाचं निदान होतं ऊन. ते अगदीच हवेतलं नव्हतं. घरोघरी बसवतात तो फास्ट कनेक्टर म्हणजे जागेवर कापून दाबून बसवायचा तुकडा. त्याच्या आत दोन काचा, म्हणजे फायबरचे काचेचे धागे, समोरासमोर येतात आणि मधली फट एका पारदर्शक जेलने भरलेली असते. केबल नीट पकडली गेली नसेल, तर तापल्यावर तिचं प्लास्टिक आणि काच वेगवेगळ्या मापाने पसरतात, काच केसभर मागे सरकते आणि प्रकाश गळतो. गच्चीच्या पत्र्याला चिकटून गेलेल्या केबलचं हेच होताना मी पाहिलं आहे. नागपूरचं ऊन हलकं घेण्यासारखं नाहीच. २०१३ च्या मे महिन्यात इथे ४७.९ अंश नोंदले गेले आहेत, आणि पत्र्यावरचा आकडा हवेपेक्षा कितीतरी वर असतो. म्हणून मी काकांना छातीठोकपणे सांगितलं, उन्हाचा त्रास आहे, खांबावरची पेटी सावलीत घेऊ.

ते निदान काकूंनी मोडलं. तिसऱ्यांदा गेलो तेव्हा त्या सहज म्हणाल्या, "काल मात्र दिवसभर चालू होतं भाऊ. काल नळच नाही आले, त म्या कूलर भरलाच नाही."

आदल्या दिवशीही ऊन तितकंच होतं. बदल फक्त पाण्याचा होता.

तेव्हा मी जे आधीच करायला हवं होतं ते केलं, म्हणजे आकडे लिहून काढायला सांगितले. हे तुम्हीही करू शकता आणि निम्मं काम यातच होतं. फोन घरच्या वायफायला जोडा, मोबाइल डेटा बंद करा (नाहीतर नेट नाही म्हणून फोन परस्पर डेटावर उडी मारतो), आणि ब्राउझरमध्ये १९२.१६८.१.१ टाका. काही डब्यांवर १९२.१६८.१००.१ असतं. पत्ता आणि पासवर्ड डब्याच्या पोटावरच्या स्टिकरवर छापलेला असतो. नेट बंद असलं तरी हे पान उघडतं, कारण ते डब्यातच आहे. आत 'पॉन' किंवा 'ऑप्टिकल' नावाच्या पानावर 'आरएक्स पॉवर' असा आकडा दिसेल, वजा चिन्हासह. काही कंपन्या हे पान बंद ठेवतात. मग तक्रार केंद्राला फोन करून "माझ्या ओएनटीची आत्ताची आरएक्स पॉवर सांगा" एवढंच विचारा.

हा आकडा कसा वाचायचा? वजा १५ ते वजा २५ च्या दरम्यान असला तर काळजी नको. साधारण वजा २७ च्या पलीकडे बहुतेक डबे हात टेकतात. आकडा वजा ४० दाखवत असेल तर प्रकाश अजिबात नाही असं समजा. आणि हा आकडा साध्या बेरजेचा नाही: ३ ने घसरला म्हणजे प्रकाश निम्मा झाला, ६ ने घसरला म्हणजे पाव उरला. वजा २१ आणि वजा २७ ऐकायला शेजारी वाटतात, पण मधल्या वाटेत पाऊण प्रकाश सांडलेला असतो.

मुळात वजा २१ तरी कुठून येतो? कंपनीच्या यंत्रातून प्रकाश निघतो तेव्हा तो साधारण अधिक ३ च्या आसपास असतो. वाटेत एकाचे आठ आणि त्यातल्या प्रत्येकाचे पुन्हा आठ करणारे दोन स्प्लिटर लागले, तर प्रत्येक जण साडेदहाच्या आसपास खातो. तीनेक किलोमीटर काच एखाद डीबी (या घटीचं माप, डेसिबल) खाते, जोड आणि कनेक्टर मिळून दोनेक. म्हणजे चौसष्ट घरांत वाटलेल्या लाइनवर वजा २१ हा रास्त आकडा आहे, आणि तुमच्या हाताशी उरतं ते सहा डीबीचं अंतर. एका वाईट वाकणाला ते पुरेसं आहे.

लोकांचा एक समज असा की प्रकाश कमी झाला की स्पीड हळूहळू कमी होतो, नळाच्या धारेसारखा. तसं होत नाही. वजा १८ आणि वजा २५ वर स्पीड सारखाच येतो. पुढे थोड्याच अंतरात चुका वाढतात आणि लाइन पडते. म्हणून "सकाळी तर शंभरचा स्पीड आला होता" यावरून लाइन ठणठणीत आहे असं ठरवू नका.

काकूंनी वहीच्या मागच्या पानावर आकडे लिहिले. सकाळी आठला वजा २१.४. अकराला वजा २१.५. साडेबाराला जेवणं उरकून पाइप लावून टाकी भरली, आणि पंधरा मिनिटांत वजा २५.८. एकला वजा २८, लाल दिवा. चारला वजा २६.९, दिवा कधी हिरवा कधी लाल. सातला वजा २२. उन्हाचा दोष असता तर आकडा सकाळी नऊपासून हळूहळू उतरला असता. इथे तो पाइपाच्या पाण्याबरोबर उतरला आणि पाणी उडेल तसा वर आला.

एक बारीक सावधगिरी: डब्यातला हा आकडा अचूक नसतो, दोन-तीन डीबीची तफावत धरूनच चालायची. २०२४ च्या मे महिन्याच्या शेवटी नागपुरातल्या एका स्वयंचलित केंद्राने ५६ अंश दाखवले होते आणि दोन दिवस सगळा देश आपल्याला फोन करून हळहळत होता. पुढे हवामान खात्याने सांगितलं की सेन्सरच बिघडला होता. तसंच इथे. एकट्या आकड्यावरून भांडू नका. एकाच डब्यावरचा सकाळचा आणि दुपारचा फरक खोटं बोलत नाही.

चौथ्या दिवशी मी साडेबाराला गेलो. दोष असताना जायचं, हे साधं तत्त्व मला इतक्या वर्षांनी कळावं याची लाज वाटली, पण कामाचे कॉल सकाळी घ्यायचे आणि दुपारी सावली धरायची ही आमची सगळ्यांचीच सवय. हॉलच्या खिडकीत मोठा लोखंडी कूलर, बाहेर अँगलच्या स्टँडवर. टाकीत ऐंशी लिटर पाणी मावतं, म्हणजे ऐंशी किलो वजन. स्टँडच्या एका पायाखाली फरशीचा तुकडा होता आणि तो खचला होता. टाकी भरली की कूलर चार-पाच मिलिमीटर खाली बसायचा आणि त्याच्या तोंडाची पत्र्याची कड थेट ग्रिलच्या कोपऱ्यात टेकायची. त्या कोपऱ्यातून आमची केबल आत आली होती. मीच टाकलेली, दोन वर्षांपूर्वी जानेवारीत, जेव्हा खिडकी रिकामी होती.

केबलच्या आतली काच १२५ मायक्रॉन जाडीची आणि प्रकाश जातो तो तिचा गाभा अवघा ९ मायक्रॉनचा. प्रकाश त्या गाभ्यात टिकतो तो काच सरळ किंवा ऐसपैस वळणात असेल तोवर. वळण घट्ट झालं की तो कडेने बाहेर सुटतो. जुन्या जातीच्या फायबरला साधारण ३० मिलिमीटर त्रिज्येचं वळण लागतं. घरांसाठी आता जी चिवट जात येते ती १० किंवा साडेसात मिलिमीटरपर्यंत सोसते. पत्र्याची कड आणि ग्रिलचा कोपरा यांच्यामधलं वळण यातल्या कशालाच सोसणारं नाही. शिवाय तुमच्याकडे येणारा प्रकाश १४९० नॅनोमीटरचा आणि तुमच्याकडून जाणारा १३१० चा. लांब लहरीचा प्रकाश वळणावर जास्त सुटतो, त्यामुळे अशा दोषात येणारी बाजू आधी पडते.

शोधायची माझी पद्धत सोपी आहे. लाल लेझरचं पेन पांढऱ्या किंवा पिवळ्या पातळ केबलवर छान चालतं, चिमटलेल्या जागी लाल ठिपका दिसतो. पण बाहेरची केबल काळी असते आणि तिच्यातून काहीच दिसत नाही, त्यातून मे महिन्याचं ऊन. तिथे घरातल्या टोकाला मीटर लावायचा, एकाने आकडा मोठ्याने वाचायचा आणि दुसऱ्याने खांबापासून घरापर्यंत संशयाच्या प्रत्येक जागी केबल हलकेच मोकळी करायची: खिळा, आवळलेली टाय, वळण, खिडकी. काका आत बसून आकडे वाचत होते. मी पत्र्याच्या कडेखाली स्क्रू ड्रायव्हर घालून कूलर जरासा उचलला आणि आतून आवाज आला, "अरे, एकवीस झाले ना!"

कूलरला हात लावण्याआधी त्याची पिन काढा, नुसतं बटण बंद करू नका. हे सांगायचं कारण आणखी गंभीर आहे. खांबावरून घरात येणाऱ्या बाहेरच्या केबलला (ड्रॉप केबल) ताण सोसायला बहुधा स्टीलची तार असते. पुष्कळ घरांत ही केबल सोयीसाठी कूलरच्या लोखंडी स्टँडलाच बांधलेली मी बघतो. कूलरच्या मोटरमध्ये किंवा पंपात वीज उतरली तर ती स्टँडमध्ये येते आणि तिथून त्या तारेत. काचेतून वीज वाहत नाही म्हणून आम्ही निर्धास्त असतो आणि स्टील विसरतो. तुमच्या घरी अशी बांधलेली दिसली तर आजच तक्रार करा, नेट चालू असलं तरी.

दुरुस्तीबद्दल काका आणि माझं थोडं वाजलं. केबल मोकळी करताच नेट सुरू झालं होतं, काकांचं म्हणणं "आता चालून राहिलं ना, राहू दे." पण दोन महिने रोज दाबली गेलेली काच बाहेरून बरी दिसली तरी तिला बारीक तडे गेलेले असू शकतात, आणि ते कधी तुटेल सांगता येत नाही. तेवढा तुकडा कापून तिथे जोड द्यावा तर खिडकीत, कूलरच्या पाण्याच्या शिंतोड्यात, एक कायमचा जोड बसतो. आपल्याकडचं बोअरचं पाणी जड, वाळलं की पांढरे क्षार सोडतं. मी खांबापासून नवी केबल ओढली, अखंड.

वाट बदलली. खिडकी सोडून दाराच्या चौकटीवर भिंतीला भोक पाडलं, बाहेरच्या बाजूला उतरतं, म्हणजे पाणी आत येत नाही. भोकात शिरण्याआधी केबलला खाली एक झोळ दिला, तिच्यावरून ओघळणारं पाणी तिथेच टपकतं. आत दीड-दोन मीटर जास्तीची केबल तळहाताएवढ्या गोल वेटोळ्यात सोडली. टाय आवळली नाही, क्लिपा केबलच्या मापाच्या घेतल्या. आकडा आला वजा २०.९, आणि टाकी काठोकाठ भरून पंप लावूनही तोच राहिला. स्टँडखालची फरशी काकांनी दुसऱ्या दिवशी बदलली.

तुमच्याकडे माणूस येईल तेव्हा या दोन-तीन गोष्टी बघा. कनेक्टर हिरवा की निळा? हिरव्याचं टोक आठ अंशांनी तिरपं घासलेलं असतं, निळ्याचं सपाट. हिरवं टोक निळ्या सॉकेटमध्ये बसतं, पण प्रकाश बराच वाया जातो. मात्र असा दोष चोवीस तास असतो, वेळ बघून येत नाही. कनेक्टर लावण्याआधी त्याने टोक पुसलं का? बोटाचा एक ठसा पुरतो. आणि काचेचे कापलेले तुकडे तो चिकटपट्टीवर गोळा करतो का? तो सूक्ष्म काटा मुलांच्या पायात गेला तर डोळ्यांना दिसत नाही. तुम्ही स्वतः सुटं टोक डोळ्यासमोर धरून "लाइट येते का" बघू नका. १४९० चा प्रकाश दिसतच नाही, म्हणून दिसलं नाही याचा अर्थ बंद आहे असा होत नाही.

वेळ बघून येणारे बाकीचे दोष थोडक्यात. संक्रांतीच्या आठवड्यात गेलं तर मांजा. गच्चीवरून गच्चीवर गेलेल्या केबलला पोरं पतंग सोडवायला हिसके देतात आणि खांबाकडचं टोक सुटतं. पहिल्या पावसानंतर गेलं तर खांबावरच्या पेटीचं झाकण, पाण्यासोबत माती आत जाते. सेमिनरी हिल्ससारख्या झाडांच्या भागात खारी केबल कुरतडतात, तिथे आकडा आधी महिनाभर थोडा थोडा हलतो. नळाच्या किंवा रस्त्याच्या खोदकामात तुटलं तर अख्खं लेआउट अंधारात, तिथे वाट बघण्यावाचून गत्यंतर नाही.

कूलरचा दोष मात्र जूनमध्ये पाऊस आला की आपोआप बरा होतो, आणि म्हणूनच वर्षानुवर्षं कोणी दुरुस्त करत नाही. तक्रार बंद, फाइल बंद, पुढच्या एप्रिलला पुन्हा फोन. तेव्हा कूलर खिडकीतून काढायच्या दिवशीच ग्रिलचा कोपरा आणि स्टँडच्या मागचा भाग बघून घ्या. स्टँडला गुंडाळलेली केबल आधी सोडवा, टाय कात्रीने कापा आणि मगच स्टँड ओढा. मागच्या वर्षी अयोध्यानगरात एका घरी दोन जणांनी स्टँड ओढून काढला तो आमची पस्तीस मीटर केबल घेऊनच बाहेर आला.